शत्रूच्या घरचा आकांत

आमच्या सौ.ला रडके नाटक आवडत नाही. लग्नानंतरच्या पहिल्या वर्षी मी मोठ्या हौसेने ‘एकच प्याला’ची दोन तिकिटे काढली होती. मध्यंतरानंतर ती उठून बाहेर गेली, ती नाटक सुटेपर्यंत थिएटरच्या पायरीवर बसून राहिली. घरी येताना एवढेच म्हणाली, “पैसे देऊन रडायला कशाला जायचं? फुकटात काय कमी मिळतं?” मी शाळेत इतिहास शिकवणारा माणूस. शोकांतिका पाहून मनातल्या भावनांचा निचरा होतो असे ॲरिस्टॉटलने सांगून ठेवले आहे, हे मला पाठ होते. पण ॲरिस्टॉटलची उत्तरे देऊन संसार होत नाहीत. मी गप्प बसलो. पुढची चाळीस-पंचेचाळीस वर्षे आम्ही फार्स पाहिले.

तिच्या त्या उठून जाण्याचे कारण मला ठाऊक होते. निदान ठाऊक आहे असे वाटत होते. तिचा थोरला भाऊ, तिचा दादा, १९७१ च्या डिसेंबरात शकरगडच्या आघाडीवर पडला. ती तेव्हा पंधरा वर्षांची होती. आमच्या घरात त्या विषयावर बोलणे होत नाही. भिंतीवर फोटो आहे, डिसेंबरात त्याला हार पडतो आणि त्या दिवशी स्वयंपाकात गोड काही होत नाही. एवढेच.

गेल्या वसंतात मुलीकडे जर्मनीला गेलो होतो. तिथून आठ दिवस ग्रीसला जाऊन यावे असे ठरले. ग्रीस म्हटले की लोक पांढरी घरे आणि निळे घुमट असलेली बेटे पाहायला जातात. आम्हीही एक बेट पाहिले, पण ते असे की मुलीच्या मैत्रिणींनी नाव ऐकून “तिथं काय आहे?” असे विचारले. ते बेट म्हणजे सालामिस. मी तीस वर्षे शाळेत त्याबद्दल एकच ओळ शिकवली होती : इ. स. पूर्व ४८० मध्ये सालामिसच्या लढाईत ग्रीकांनी इराणच्या आरमाराचा पराभव केला. मुले ती ओळ पाठ करीत आणि मार्क मिळवीत. सौ. म्हणाली, “तुम्हांला एक ओळ पाहायची आहे ना, चला.”

पण बेटाआधी अथेन्स. तिथल्या अक्रोपोलिसवरचे पार्थेनॉन सगळे पाहतात. गर्दी तिकडे, ऊन तिकडे, फोटो तिकडे. त्याच टेकडीच्या दक्षिण उतारावर, पायथ्याशी डायोनिससचे नाट्यगृह आहे. तिथे आम्ही सकाळी पोहोचलो तेव्हा पाच-सात प्रवासी आणि तीन मांजरे एवढाच प्रेक्षकवर्ग होता. अर्धवर्तुळात चढत गेलेल्या दगडी पायऱ्या, बऱ्याचशा मोडलेल्या, फटींतून गवत आणि पिवळी रानफुले. पहिल्या रांगेत संगमरवरी खुर्च्या आहेत, त्यांवर मानकऱ्यांची पदे कोरलेली. मधली खुर्ची सर्वांत देखणी, ती डायोनिससच्या पुजाऱ्याची. आपल्याकडेही पहिल्या रांगेतल्या खुर्च्यांवर नावांच्या चिठ्ठ्या लावतात. फरक एवढाच की त्या दुसऱ्या दिवशी उडून जातात.

खरे सांगायचे तर या दगडांवर बसून एस्किलस, सोफोक्लिस, युरिपिडीस यांची नाटके पहिल्यांदा कुणी पाहिलेली नाहीत. दगडी नाट्यगृह पुरे झाले ते त्या तिघांच्या मागून, लायकर्गसच्या कारभारात, इ. स. पूर्व ३३० च्या सुमारास. एपिडॉरसचे सुप्रसिद्ध नाट्यगृहही त्यांच्या मागूनचेच. ते आम्ही आदल्या दिवशी पाहिले, अगदी वरच्या पायरीवर बसून खालच्या माणसाने फाडलेल्या कागदाचा आवाज ऐकला आणि इतरांप्रमाणे आम्हीही माना डोलावल्या. पण नाटके जन्मली ती या अथेन्सच्या उतारावर. तेव्हा इथे लाकडी फळ्यांची आसने होती. खेळ दिवसाउजेडी, वसंतातल्या उत्सवात, सकाळपासून. नट सगळे पुरुष, तोंडावर मुखवटे. प्रेक्षक हजारोंनी. त्यांत बायका असत की नसत यावर पंडितांचे अजून एकमत नाही. सौ. म्हणाली, “म्हणजे रडणाऱ्या बायका नाटकात, आणि बघायला पुरुष?” पंडितांना हा मुद्दा कुणी कळवावा.

सावलीची एक पायरी पाहून आम्ही बसलो. तिने पिशवीतून दशम्या काढल्या. आणि मी, पेन्शनीत निघालेला मास्तर, न विचारता तास सुरू केला.

इ. स. पूर्व ४८० च्या उन्हाळ्याअखेरीस इराणचा सम्राट झर्क्सिस इथे आला होता. त्याच्या भाषेत त्याचे नाव क्षयार्शा, म्हणजे आपल्या कानाला जवळचेच. अथेन्सच्या लोकांनी गाव सोडले. बायकामुले समुद्रापलीकडे त्रोझीन, एजिना आणि सालामिसला नेऊन ठेवली, आणि पुरुष जहाजांवर चढले. इराण्यांनी रिकामे शहर जाळले, डोक्यावरच्या या टेकडीवरची देवळे जाळली. समोरच्या सालामिसच्या किनाऱ्यावरून लोकांनी आपल्या गावाचा धूर पाहिला असेल. मग सप्टेंबरअखेरीस सालामिसच्या चिंचोळ्या पाण्यात लढाई झाली आणि चित्र उलटले.

त्यानंतर इ. स. पूर्व ४७२ च्या वसंतोत्सवात एस्किलसने या उतारावर एक नाटक केले. लढाईला साडेसात वर्षे झाली होती. बरोबर एका साडेसातीइतका काळ. नाटकाचे नाव ‘पर्साय’, म्हणजे इराणी लोक. आज संपूर्ण हाती असलेले हे सर्वांत जुने ग्रीक नाटक, आणि पुराणातल्या राजाराण्या सोडून डोळ्यांदेखत घडलेल्या इतिहासावर लिहिलेली, आपल्यापर्यंत पोहोचलेली ही एकच ग्रीक शोकांतिका. खर्च उचलला होता एका पंचविशीच्या आतबाहेरच्या श्रीमंत तरुणाने. त्याचे नाव पेरिक्लिस. पुढे त्यानेच वरचे पार्थेनॉन उभे केले. पण त्या दिवशी वर काही नव्हते. देवळे जळकीच ठेवलेली होती. जुन्या देवळाच्या खांबांचे गोल दगड उत्तरेकडच्या तटात बसवले होते, ते आजही खालून दिसतात.

“म्हणजे विजयाचं नाटक,” सौ. म्हणाली.

तिथेच तर गंमत आहे. हे नाटक अथेन्समध्ये घडतच नाही. ते घडते इराणच्या राजधानीत, सुसा नगरीत. एकही ग्रीक माणूस रंगभूमीवर येत नाही. एकाही ग्रीक सेनापतीचे नाव उच्चारले जात नाही. ज्याच्या डोक्यातून लढाईची सगळी युक्ती निघाली त्या थेमिस्टोक्लिसचेसुद्धा नाही. ग्रीकांना हे इराणी ‘आयोनियन’ म्हणतात. आपला ‘यवन’ शब्द त्याच मुळातून आला आहे. रंगभूमीवर आहेत ती मागे राहिलेली म्हातारी माणसे आणि झर्क्सिसची आई. तिला रात्री वाईट स्वप्न पडले आहे. मुलाने दोन बायकांना रथाला जुंपले, एक मुकाट चालली, दुसरीने जू मोडले आणि मुलगा खाली पडला. ती म्हाताऱ्यांना विचारते, हे अथेन्स आहे तरी कुठे? त्या लोकांचा धनी कोण? ते म्हणतात, ते कुणाचे चाकर नाहीत. एवढ्यात दूत येतो.

ग्रीकांनी रंगभूमीवर मारामाऱ्या, खून सहसा दाखवले नाहीत. कुणीतरी धावत येतो आणि सांगतो. हा दूत सांगतो की सगळे सैन्य गेले. म्हातारे हंबरडा फोडतात. आई मात्र बोलत नाही. बराच वेळ बोलत नाही. मग पहिला प्रश्न विचारते, मेलेले नाही असे कोण आहे?

मी हे सांगत होतो तेव्हा सौ.च्या हातातली दशमी तशीच होती. माझ्या ते ध्यानात आले नाही. मास्तर लोकांच्या येत नाही.

मग दूत एकेका सरदाराचे नाव घेऊन सांगत जातो. हा त्या खडकावर आपटला, तो जहाजावरून पडला. जाळ्यात सापडलेल्या ट्यूना माशांना, म्हणजे आपल्या कुप्याला, कोळी वल्ह्याच्या तुकड्यांनी बडवतात तसे ग्रीकांनी पाण्यातल्या माणसांना बडवले असे तो सांगतो. पाणी दिसेना इतकी मोडकी जहाजे आणि प्रेते. हे ऐकणारे प्रेक्षक कोण? अथेन्सची १८० जहाजे त्या लढाईत होती, आणि एकेका जहाजावर सुमारे दोनशे माणसे. म्हणजे या उतारावर बसलेल्यांपैकी हजारोंच्या हातांना ते वल्ह्याचे तुकडे ठाऊक होते. स्वतः एस्किलस त्या लढाईत होता असे त्याच्या काळातल्या एका लेखकाने लिहून ठेवले आहे. त्याच्या दहा वर्षे आधी मॅरेथॉनला तो लढला होता. तिथे त्याचा सख्खा भाऊ किनेगिरस इराण्यांचे जहाज धरून ठेवायला गेला, त्याचा हात तोडला गेला आणि तो मेला. हे हिरोडोटसने लिहिले आहे.

“त्याचा भाऊ?” सौ. म्हणाली. “कुणी मारला?”

“इराण्यांनी.”

“आणि हा त्यांच्या आईचं रडणं लिहीत बसला.”

मी होय म्हटले. नाटकाच्या शेवटी झर्क्सिस फाटक्या वस्त्रांनिशी येतो, म्हातारे त्याला एकेकाचे नाव घेऊन विचारतात की तो कुठे आहे, आणि नाटक रडण्यातच संपते. त्या वर्षी त्याला पहिले बक्षीस मिळाले.

ती उठली. दशमी मांजरापुढे टाकली. “आठ वर्षांत?” ती म्हणाली. “१९७९ साली मला कुणी असलं नाटक दाखवलं असतं ना, तर मी उठून गेले असते. आजसुद्धा सांगता येत नाही.”

हे ऐकून मी माझा तास आटोपता घ्यायला हवा होता. पण मला वाटले, तिला दुसरीही बाजू कळावी. सगळे पंडित या नाटकावर फिदा नाहीत. शत्रू कसा रडतोय ते पाहून अथेन्सच्या लोकांना गुदगुल्या झाल्या असणार, असे म्हणणारेही आहेत. मला स्वतःला तसे अगदीच नाकारता येत नाही. हजारो माणसे एका जागी बसली की त्यांत रडणारेही असतात आणि मनातून टाळी देणारेही. आणि स्वतःचे दुःख पाहायला हेच लोक तयार नव्हते. साधारण वीस वर्षे आधी फ्रिनिकस नावाच्या नाटककाराने अथेन्सच्या मित्र-शहराचा, मिलेटसचा पाडाव रंगभूमीवर आणला. सारे नाट्यगृह रडले, आणि घरच्या जखमेची आठवण करून दिली म्हणून त्याला हजार द्राक्मा दंड झाला. ते नाटक पुन्हा करायचे नाही असा हुकूमही सुटला.

“बरोबर केलं,” सौ. म्हणाली.

पुढे याच अथेन्सने इ. स. पूर्व ४१६ च्या हिवाळ्यात मेलोस बेट घेतले, हाती लागलेले पुरुष मारले आणि बायकामुले गुलाम म्हणून विकली. काही महिन्यांतच युरिपिडीसने याच जागी ‘ट्रॉयच्या स्त्रिया’ केले. हरलेल्या शहरातल्या बायका, वाटून दिल्या जाताहेत. त्याला दुसरे बक्षीस मिळाले. शत्रूच्या आयाबहिणींचे रडे ऐकायला शिकलेली माणसे त्या आयाबहिणींना विकायचे थांबली नाहीत. हेही त्याच दगडांत आहे. आणि नाटके सुरू होण्याआधी इथे आणखी एक सोहळा होत असे. लढाईत बाप पडलेली जी मुले सरकारी खर्चाने वाढली, ती वयात आली की चिलखत घालून सर्वांसमोरून चालत जात. मी ती जागा दाखवली. ती त्या मोकळ्या अर्धवर्तुळाकडे पाहत राहिली आणि मग म्हणाली, “चला, उन्ह वाढलं.”

दुसऱ्या दिवशी सालामिसला निघालो. पिरेअसहून बसने पेरामा आणि तिथून फेरीबोट. दाभोळ-धोपाव्याची जंगल जेटी ज्यांनी पाहिली आहे त्यांना वेगळे काही सांगायला नको : मोटारी, टेम्पो, स्कूटरी आणि माणसे एकाच लोखंडी फळीवर. भाडे थोडे, वाट पाव तासाची. माझ्या मनात सालामिस म्हणजे निळे पाणी आणि शिडे. प्रत्यक्षात पेरामाच्या किनाऱ्यावर जहाजदुरुस्तीचे कारखाने, क्रेना, गंजलेले सांगाडे, वेल्डिंगच्या ठिणग्या. पलीकडे ग्रीक नौदलाचा तळ. लढाईत प्सितालिया नावाच्या ज्या बेटुकल्यावर इराणचे निवडक सरदार अडकून मारले गेले, तिथे आता अथेन्सच्या सांडपाण्याचे शुद्धीकरण होते. इतिहासाच्या मास्तराने सहलीला जाताना एवढी तयारी ठेवावी.

पण पाणी तेच आहे, आणि चिंचोळेही तेच. मैलभर रुंदीच्या त्या पट्ट्यात शेकडो जहाजे कशी कोंबली गेली असतील हे बोटीवर उभे राहिल्यावर कळते. तीस वर्षे फळ्यावर नकाशा काढून मला ते कळले नव्हते. पुढचे मागच्याला आदळत, आणि वळायला जागा नाही. थेमिस्टोक्लिसने आपल्या मुलांना सांभाळणाऱ्या सिकिनस नावाच्या चाकराकरवी झर्क्सिसकडे खोटा निरोप पाठवला होता, की ग्रीक पळून जाण्याच्या बेतात आहेत, त्वरा कर. मोठमोठ्या सेनापतींच्या लढाईत एका घरगड्याच्या जिभेवर सारे तोलले होते. मागे पेरामाच्या माथ्यावर एगालिओ डोंगर. त्याच्या पायथ्याच्या उंचवट्यावर बसून झर्क्सिसने आपले आरमार बुडताना पाहिले.

“आणि आपली माणसं?” सौ.ने एकदम विचारले. आदल्या रात्री मी तिला सांगितले होते की झर्क्सिसच्या फौजेत सिंधूकडचे हिंदी सैनिकही होते. हिरोडोटसने त्यांचा वेश लिहिला आहे : सुती कपडे, वेताची धनुष्ये, वेताचेच बाण, त्यांना लोखंडी टोक. ते पायदळ आणि घोडदळ. समुद्रावर त्यांचे काम नव्हते. पुढच्या वर्षी प्लॅटियाच्या रणात ते उभे होते. म्हणजे आपल्याकडची माणसे या गोष्टीत हरणाऱ्यांच्या बाजूला होती. त्यांच्या आयांना कुणी काय कळवले, हे कुठल्याही नाटकात नाही.

बेटावर पालुकिया गावात उतरलो. किनोसुरा, म्हणजे ‘कुत्र्याचे शेपूट’, असे नाव असलेल्या लांबट भूशिरावर सालामिसच्या योद्ध्यांचे एक ब्राँझचे स्मारक अलीकडे, २००६ मध्ये उभारले आहे. जवळच एक जुना मातीचा उंचवटा आहे, तो लढाईत पडलेल्यांचा असे मानतात. कुत्र्याचीही एक गोष्ट प्लुटार्कने सांगितली आहे. गाव सोडताना पेरिक्लिसच्या बापाचा, झँथिपसचा, कुत्रा धन्याच्या जहाजामागे पोहत आला आणि सालामिसच्या किनाऱ्याला लागताच मेला. ती गोष्ट ऐकून सौ. पहिल्यांदा मनापासून हळहळली. माणसांपेक्षा कुत्र्यासाठी रडणे सोपे जाते. कोपऱ्यावरच्या दुकानात तीळ लावलेल्या पावाच्या कड्या मिळतात, त्यांना कुलुरी म्हणतात. आणि बेटाचेही लोकांच्या तोंडी तेच नाव आहे. आम्ही दोन घेतल्या आणि त्या स्मारकाच्या सावलीत बसून खाल्ल्या.

तिथे ती आपणहून बोलली.

“तार मीच वाचली होती,” ती म्हणाली.

मला हे ठाऊक नव्हते. एवढ्या वर्षांच्या संसारात ठाऊक नव्हते.

१६ डिसेंबरला ढाक्याची बातमी रेडिओवर आली तेव्हा साताऱ्याच्या त्यांच्या वाड्यात पेढे वाटले. चार दिवसांनी तारवाला आला. वडील कचेरीत गेलेले. आईला इंग्रजी येत नव्हते. वाड्यात त्या वेळी इंग्रजी वाचता येणारी तीच, दहावीतली. तिने वाचले, आणि मराठीत सांगितले. “आई काही बोललीच नाही,” ती म्हणाली. “तुम्ही काल सांगितलंत ना, तशीच. मला वाटलं, मी चुकीचं वाचलं म्हणून ती गप्प आहे. मी पुन्हा वाचलं. मग तिनं विचारलं, बाकीची मुलं कशी आहेत? आदल्या दिवाळीत दादाबरोबर दोघं आले होते फराळाला. त्यांची नावं घेऊन विचारलं. मी सांगितलं, तारेत तेवढं नाहीय.”

थोड्या वेळाने म्हणाली, “शेजारच्या आजोबांनी समजूत घातली, की आपण त्यांचे कितीतरी मारले. आई त्यांच्याकडे अशी बघायला लागली की ते उठून गेले.”

मला गांधारी आठवली. स्त्रीपर्वात ती रणावरची प्रेते पाहत चालते, तेव्हा आपल्या शंभर मुलांपाशीच थांबत नाही. अभिमन्यूसाठी रडणाऱ्या उत्तरेपाशीही तिचे डोळे जातात. आणि भासाच्या ‘ऊरुभंगा’त मांडी मोडून पडलेल्या दुर्योधनाच्या मांडीवर त्याचा लहान मुलगा बसायला येतो, ते आठवले. म्हणजे शत्रूच्या घरात नेऊन बसवणे आपल्याकडच्यांनाही येत होते. पण हे मी बोललो नाही. तास संपला होता.

परतीच्या बोटीत गर्दी नव्हती. उन्हे कलली होती आणि पाण्यावर तेलाचे रंगीत तवंग दिसत होते. सौ. कठड्याला टेकून उभी होती. म्हणाली, “त्या दूतानं नावं घेतली म्हणालात. आहेत का पुस्तकात?”

माझ्या पिशवीत इंग्रजी भाषांतर होते. मी पान काढले. इंजिनाच्या आवाजात मोठ्याने वाचावे लागले. शेजारचा टेम्पोवाला सिगारेट ओढत कुतूहलाने पाहत होता. मी एकेक नाव आणि तो कसा गेला ते मराठीत सांगत होतो. आर्तेम्बारेस, दहा हजार घोडेस्वारांचा नायक, खडकाळ किनाऱ्यावर आपटला. दादाकेस, हजारांचा नायक, भाल्याचा घाव बसला आणि—

“काय नाव म्हणालात?”

“दादाकेस.”

ती पाण्याकडे पाहत होती. पेरामाच्या क्रेना जवळ येत होत्या आणि मोटारवाल्यांनी इंजिने सुरू केली होती.

“थांबलात का?” ती म्हणाली. “वाचा. सगळी वाचा.”

मी पुढची नावे वाचू लागलो. तेनागोन, लिलाइओस, आर्सामेस, आर्गेस्तेस. बोटीची फळी धक्क्यावर आदळली तेव्हा निम्मी राहिली होती. ती उरलेली मी जेटीवरच्या बाकावर बसून वाचली.